संगणकावरील आभासी वास्तव खेळांचे स्थान आणि स्थलांतर : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

संगणकाच्या इतिहासाचे लेखन बहुतांशी यंत्रांच्या वाढत्या वेगाचे आणि उद्योजकांच्या यशापयशाचे लेखन झाले आहे. संगणक वापरणाऱ्या सामान्य माणसाला रोज ज्या अडचणींना तोंड द्यावे लागते, त्यांचा इतिहास मात्र क्वचितच लिहिला जातो. बसवलेला खेळ संगणकात नेमका कोठे असतो, आणि डिस्क भरली म्हणून तो दुसरीकडे हलवायचा झाल्यास काय करावे, हा असाच एक प्रश्न. वरवर पाहता तो कारकुनी स्वरूपाचा वाटतो. परंतु या प्रश्नाची उत्तरे गेल्या चाळीस वर्षांत ज्या प्रकारे बदलत गेली, ती पाहता त्यामागे मालकीचा एक गंभीर प्रश्न दडलेला आहे असे दिसून येते. वस्तू आपल्या घरात असणे आणि ती हलवण्याचा अधिकार आपल्याकडे असणे या दोन गोष्टी एके काळी एकच होत्या. पुढे त्या एकमेकींपासून वेगळ्या झाल्या.

प्रस्तुत लेखात आभासी वास्तव, म्हणजेच व्हर्च्युअल रिअॅलिटीच्या खेळांच्या संदर्भात या बदलाचा मागोवा घेतला आहे. हे क्षेत्र निवडण्याचे कारण असे की या खेळांच्या फाइली आकाराने अवाढव्य असतात, त्यांना खेळाखेरीज हेडसेटच्या स्वतंत्र सॉफ्टवेअरचीही गरज असते, आणि त्यांचा व्यापार जवळजवळ पहिल्या दिवसापासून ऑनलाइन दुकानांच्या हाती राहिला आहे. त्यामुळे इतरत्र हळूहळू घडलेली प्रक्रिया येथे थोड्या वर्षांत व ठळकपणे घडलेली दिसते.

डिरेक्टरीचा काळ

१९८१ साली आयबीएमचा वैयक्तिक संगणक बाजारात आला तेव्हा डॉस प्रणालीच्या पहिल्या आवृत्तीत फोल्डर ही कल्पनाच नव्हती. खेळ फ्लॉपीवर असे आणि फ्लॉपी हातात असे. ‘खेळ कोठे आहे’ या प्रश्नाचे उत्तर टेबलाच्या खणात मिळत असे. मार्च १९८३ मध्ये आयबीएमचा एक्सटी संगणक दहा एमबीच्या हार्ड डिस्कसह आला, आणि त्याच्यासोबत आलेल्या डॉसच्या दुसऱ्या आवृत्तीने युनिक्सच्या धर्तीवर डिरेक्टरींची उतरंड आणली. ए आणि बी ही अक्षरे फ्लॉपींनी आधीच अडवली असल्याने हार्ड डिस्कच्या वाट्याला सी हे अक्षर आले. आज बहुसंख्य संगणकांतून फ्लॉपी नाहीशी झाली असली तरी सी ड्राइव्हचे नाव कायम आहे. गावातला वड कधीच पडला तरी थांब्याचे नाव वडाखालचेच राहावे, तसा हा प्रकार होय.

या काळातील खेळ बहुधा एका डिरेक्टरीत पूर्णपणे सामावलेला असे. डिसेंबर १९९३ मध्ये प्रसिद्ध झालेला डूम हा खेळ घेतला तरी त्याची मुख्य फाइल, चित्रे व ध्वनी यांची फाइल आणि आवडीनिवडींची नोंद ठेवणारी फाइल एकाच ठिकाणी असत. ती डिरेक्टरी उचलून दुसऱ्या डिस्कवर ठेवली की खेळ तेथून सुरू होई. विशेष म्हणजे ‘हलवणे’ अशी स्वतंत्र आज्ञाच डॉसमध्ये पुष्कळ काळ नव्हती. मूव्ह ही आज्ञा १९९३ मधील सहाव्या आवृत्तीत आली. तोपर्यंत आधी प्रत करावी आणि मग मूळ पुसावे, अशी दोन पायऱ्यांची रीत होती. ही दोन पायऱ्यांची रीत येथे मुद्दाम नोंदवली आहे, कारण पुढे ती एका अगदी अनपेक्षित ठिकाणी पुन्हा भेटणार आहे.

आभासी वास्तवाची पहिली व्यापारी लाट याच काळातील. ब्रिटनमधील व्हर्च्युअॅलिटी या कंपनीची यंत्रे १९९१ पासून करमणूक केंद्रांत दिसू लागली. अमिगा ३००० संगणकावर चालणाऱ्या त्या यंत्रात खेळ कोठे आहे याच्याशी खेळणाऱ्याचा संबंध नव्हता, पैसे मोजून काही मिनिटे खेळणे एवढाच व्यवहार होता. निन्टेन्डोने १९९५ साली आणलेल्या व्हर्च्युअल बॉयमध्ये खेळ कार्ट्रिजच्या रूपाने हातात मिळे, पण ते यंत्रच वर्षभरात बाजारातून गेले. घरगुती संगणकाच्या दृष्टीने महत्त्वाचे ठरते ते फोर्टे टेक्नॉलॉजीजचे व्हीएफएक्स१ हे हेडसेट. त्याचे कार्ड संगणकाच्या आत आयएसए खाचेत बसवावे लागे, मात्र डिसेंटसारखा खेळ त्यावर खेळण्यासाठी निराळे दुकान किंवा निराळे खाते लागत नसे. खेळ एका डिरेक्टरीत आणि हेडसेटचे सॉफ्टवेअर दुसरीकडे, अशी ही साधी विभागणी होती. ती बाजारात टिकली नाही, याचे कारण चित्रांची अस्पष्टता आणि किंमत हे होय. फाइलींच्या व्यवस्थेशी त्या अपयशाचा संबंध नाही.

नोंदवहीचे राज्य

२४ ऑगस्ट १९९५ रोजी विंडोज ९५ प्रसिद्ध झाले आणि या व्यवस्थेत मूलभूत बदल घडला. सॉफ्टवेअर कोठे बसवावे याची ठरलेली जागा म्हणून प्रोग्राम फाइल्स हे फोल्डर आले. त्याच वेळी रजिस्ट्री या मध्यवर्ती नोंदवहीला प्रणालीच्या केंद्रस्थानी स्थान मिळाले. रजिस्ट्री पूर्वीही होती, पण आता कोणता खेळ कोठे बसवला आहे, त्याची आवृत्ती कोणती, तो काढून टाकायचा तर कोणती फाइल चालवायची, या सर्व गोष्टी तेथे लिहिल्या जाऊ लागल्या.

या बदलाचा अर्थ महाराष्ट्रातील वाचकास सातबाऱ्याच्या उदाहरणाने चटकन कळेल. जमीन कसणारा एक आणि उताऱ्यावर नाव दुसऱ्याचे, असे झाले की जमीन समोर असूनही व्यवहार अडतो. विंडोज ९५ नंतर खेळाच्या बाबतीत तसेच झाले. फोल्डर सी ड्राइव्हवरून डी ड्राइव्हवर नेले तरी नोंदवहीत पत्ता जुनाच राहू लागला, आणि अनेक सॉफ्टवेअर त्या पत्त्यावर जाऊन ‘फाइल सापडत नाही’ असे सांगू लागली. फाइल प्रत्यक्षात होती. नोंद खोटी झाली होती.

याच प्रणालीने आणलेली दुसरी गोष्ट म्हणजे शॉर्टकट. पडद्यावरील चित्र म्हणजे खेळ नव्हे, ती केवळ खेळाकडे बोट दाखवणारी लहानशी फाइल आहे, हे कळायला वापरकर्त्यांच्या एका पिढीला बराच काळ लागला. सायबर कॅफेतून किंवा मित्राच्या घरून पेन ड्राइव्हवर ‘गेम’ आणायचा आणि घरी आल्यावर काही केबींची एक निरुपयोगी फाइल हाती लागायची, हा अनुभव त्या काळातील अनेकांच्या परिचयाचा असेल. त्यावर हसणे सोपे आहे. पण वस्तू आणि तिची खूण यांच्यातील भेद प्रणालीनेच पुसून टाकला होता, हेही लक्षात घ्यावयास हवे.

जानेवारी २००७ मध्ये सर्वसाधारण ग्राहकांसाठी विक्रीस आलेल्या विंडोज व्हिस्टाने प्रोग्राम फाइल्समध्ये लिहिण्यावर कडक निर्बंध आणले. दुष्ट सॉफ्टवेअरचा उपद्रव पाहता हे निर्बंध अनाठायी नव्हते. मात्र आपल्याच डिस्कवरील फोल्डर उघडण्यासाठी परवानगीची चौकट पुढे येऊ लागली. व्हिस्टाने याच वेळी एमकेलिंक ही आज्ञाही दिली. जंक्शन हा तिचा एक उपयोग विंडोज २००० पासून एनटीएफएस पद्धतीत उपलब्ध होताच, आता तो सर्वसामान्यांच्या आवाक्यात आला. जंक्शन म्हणजे जुन्या पत्त्यावर लावलेली एक अदृश्य पाटी. खेळाचे फोल्डर डी ड्राइव्हवर न्यावे आणि सी ड्राइव्हवरील मूळ जागी अशी पाटी लावावी. खेळ, नोंदवही आणि शॉर्टकट हे तिघेही जुन्याच पत्त्यावर जातात आणि प्रणाली त्यांना गुपचूप नव्या घरी पोचवते. घर बदलल्यावर पोस्टात पत्ता बदलल्याची सूचना द्यावी, म्हणजे जुन्या पत्त्यावर आलेली पत्रे नव्या घरी येतात, तशीच ही युक्ती आहे.

दुकान हेच फोल्डर

व्हॉल्व्ह या कंपनीने १२ सप्टेंबर २००३ रोजी स्टीम सुरू केले आणि नोव्हेंबर २००४ मध्ये आलेल्या हाफ-लाइफ २ या खेळासाठी ते सक्तीचे केले. दुकानातून डबा विकत आणला तरी इंटरनेटवरून तो खात्याशी जोडल्याखेरीज खेळ सुरू होत नसे. येथून पुढे खेळाची नोंद दोन ठिकाणी राहू लागली : एक संगणकात आणि दुसरी दूरच्या सर्व्हरवर.

सुरुवातीच्या काळात स्टीमवरील खेळ स्टीमच्याच फोल्डरच्या पोटात राहत. व्हॉल्व्हचे स्वतःचे खेळ तर जीसीएफ नावाच्या एकेका प्रचंड फाइलीत बांधलेले असत, त्यामुळे आत काय आहे हे साध्या वापरकर्त्यास दिसतही नसे. वेगळ्या ड्राइव्हवर खेळ ठेवायचा तर संपूर्ण स्टीमच हलवावे लागे. त्यासाठी स्टीमच्या मदत विभागाने सांगितलेली कृती मोठी उद्बोधक होती. स्टीमअॅप्स व युजरडेटा ही दोन फोल्डरे आणि स्टीमची मुख्य फाइल एवढे ठेवून बाकी सर्व पुसून टाकावे, उरलेले सर्व नव्या जागी न्यावे आणि तेथून स्टीम पुन्हा सुरू करावे, म्हणजे गाळलेले भाग ते स्वतःच मिळवते. खेळ कोठे आहेत, कोणत्या फाइली खरोखर मोलाच्या आहेत आणि कोणत्या पुन्हा मिळण्यासारख्या आहेत, हा विवेक या कृतीने वापरकर्त्यास शिकवला असे म्हणता येईल.

ज्यांना एखादाच खेळ हलवायचा असे त्यांनी जंक्शनचा आधार घेतला. त्यासाठी हौशी प्रोग्रामरांनी छोटी साधने लिहिली व ती मोफत वाटली. २०१२ साली स्टीमने एकाहून अधिक ड्राइव्हवर लायब्ररी फोल्डर करण्याची सोय दिली, २०१३ मध्ये जीसीएफची पद्धत मोडीत काढून सुट्या फाइलींची पद्धत आणली, २०१७ मध्ये बसवलेला खेळ एका लायब्ररीतून दुसरीत हलवण्याची आज्ञा दिली आणि २०२१ मध्ये त्यासाठी स्वतंत्र पडदा केला. या क्रमाकडे पाहता एक गोष्ट ठळकपणे जाणवते. वापरकर्ते आडमार्गाने जे आधीच करीत होते, त्याला दुकानाने मागाहून राजमान्यता दिली. तंत्रज्ञानाच्या इतिहासात असे श्रेय नेहमी कंपनीच्या नावावर जमा होते, म्हणून येथे त्याचा उल्लेख करणे अगत्याचे वाटते.

स्टीमची आजची रचना समजून घेणे कठीण नाही. प्रत्येक लायब्ररीत स्टीमअॅप्स फोल्डर, त्यात कॉमन फोल्डर आणि त्यात खेळाच्या नावाचे फोल्डर असते. कॉमनच्या बाहेर, प्रत्येक खेळाच्या क्रमांकाने ओळखली जाणारी एक अॅपमॅनिफेस्ट फाइल असते. हीच त्या खेळाची नोंद. केवळ खेळाचे फोल्डर उचलून नेले आणि ही फाइल मागे राहिली, तर स्टीमच्या दृष्टीने नव्या जागी खेळ बसवलेलाच नसतो. तथापि त्या जागी खेळ बसवण्याची आज्ञा दिल्यास स्टीम आधीपासून असलेल्या फाइली ओळखते, तपासते आणि फक्त उणीव भरून काढते. नोंद हरवली तरी वस्तूवरून ती पुन्हा तयार करता येते, ही या व्यवस्थेतील उदारता होय. सर्व दुकानांत ती आढळत नाही.

२०१२ ते २०१६ : मोकळेपणाकडून दुकानाकडे

१ ऑगस्ट २०१२ रोजी ऑक्युलस रिफ्टसाठी किकस्टार्टरवर निधीसंकलन सुरू झाले. अडीच लाख डॉलरची अपेक्षा असताना सुमारे २४ लाख डॉलर जमा झाले. २०१३ मध्ये पहिला व २०१४ मध्ये दुसरा विकसनसंच लोकांच्या हाती पडला. या संचांसाठी २०१३ मध्ये सुरू झालेल्या ऑक्युलस शेअर या संकेतस्थळावरून प्रयोगवजा खेळ उतरवता येत. ते बहुधा झिप फाइलीच्या रूपात असत. फाइल उतरवावी, वाटेल त्या फोल्डरात उलगडावी आणि खेळावे. म्हणजे आभासी वास्तवाच्या दुसऱ्या लाटेचा आरंभ पुन्हा डॉसच्या काळातील साधेपणाने झाला होता.

मार्च २०१४ मध्ये फेसबुकने ऑक्युलस कंपनी सुमारे दोन अब्ज डॉलरना विकत घेण्याचे जाहीर केले. २८ मार्च २०१६ रोजी ५९९ डॉलर किमतीचे रिफ्ट ग्राहकांसाठी बाजारात आले तेव्हा त्यासोबत ऑक्युलसचे स्वतःचे दुकान होते. आठवडाभराने, ५ एप्रिलला, एचटीसी व्हाइव्ह ७९९ डॉलरना आले, ते स्टीमच्या आधाराने. एकाच वर्षी, एकाच प्रकारच्या खेळांसाठी, फाइली ठेवण्याच्या दोन भिन्न रीती शेजारी शेजारी उभ्या राहिल्या.

ऑक्युलसच्या सुरुवातीच्या सॉफ्टवेअरमध्ये निरनिराळ्या ड्राइव्हवर स्वतंत्र संग्रह करण्याची सोय नव्हती. २०१६ साली वेगवान एसएसडी महाग होत्या व अनेकांच्या संगणकांत १२८ किंवा २५६ जीबीची लहान एसएसडी सी ड्राइव्ह म्हणून आणि मोठी पारंपरिक हार्ड डिस्क डी ड्राइव्ह म्हणून असे. खेळ नेमके लहान डिस्कवर साठू लागले. पुढील आवृत्त्यांत अनेक संग्रहस्थाने देता येऊ लागली. त्या व्यवस्थेत खेळाच्या फाइली सॉफ्टवेअर या फोल्डरात आणि प्रत्येक खेळाची नोंद मॅनिफेस्ट्स या निराळ्या फोल्डरात असते. शिवाय कोणते संग्रहस्थान कोठे आहे, याची नोंद विंडोजच्या रजिस्ट्रीत होते. तीही ड्राइव्हच्या अक्षराने होत नाही, डिस्कच्या त्या भागाला प्रणालीने दिलेल्या लांबलचक ओळख क्रमांकाने होते. त्यामुळे नवी डिस्क बसवून तिच्यावर सर्व फोल्डरे जशीच्या तशी उतरवली आणि तिला जुनेच अक्षर दिले, तरी ऑक्युलसला ती ओळखू येत नाही. माणूस अक्षर वाचतो आणि प्रणाली क्रमांक वाचते, ही त्यातील मेख आहे.

व्हाइव्हच्या बाजूसही अशी एक मेख आहे. स्टीमव्हीआर कोठे बसवले आहे याची नोंद वापरकर्त्याच्या खासगी फोल्डरातील, ओपनव्हीआर नावाच्या कप्प्यातील एका छोट्या मजकूर-फाइलीत असते. स्टीम नव्या ड्राइव्हवर गेले आणि ती फाइल जुनाच पत्ता सांगत राहिली, तर खेळ जागेवर असूनही हेडसेटमध्ये काही दिसत नाही. आभासी वास्तवाच्या खेळाचे स्थलांतर इतर खेळांहून अवघड ठरते ते यामुळेच. येथे एका सामानाचे दोन पत्ते सांभाळावे लागतात, खेळाचा आणि हेडसेटच्या सॉफ्टवेअरचा.

याच वर्षीचा एक प्रसंग या संदर्भात महत्त्वाचा आहे. रिफ्टसाठी विकत घेतलेले खेळ व्हाइव्हवर खेळता यावेत यासाठी एप्रिल २०१६ मध्ये रिव्हाइव्ह नावाचे मोफत सॉफ्टवेअर तयार झाले. मे महिन्यातील अद्ययावत आवृत्तीत ऑक्युलसने खेळ सुरू होण्यापूर्वी रिफ्ट जोडलेले आहे की नाही याची तपासणी घातली. म्हणजे खेळ विकत घेतलेला, फाइली आपल्या डिस्कवर, तरी हेडसेट कोणते यावर अधिकार ठरू लागला. त्यावर मोठी टीका झाली आणि जूनअखेर ती तपासणी काढून टाकण्यात आली.

अवाढव्य फाइली

जागेचा प्रश्न पुढील काही वर्षांत अधिकच तीव्र झाला. ऑक्टोबर २०१९ मध्ये आलेल्या अॅसगार्ड्स रॅथ या खेळाने १०० जीबीहून अधिक जागा व्यापली. डिसेंबर २०२० मधील मेडल ऑफ ऑनर : अबव्ह अँड बियॉन्ड या खेळास १७० जीबीहून अधिक जागा लागे, आणि बसवण्याच्या वेळी त्याहूनही पुष्कळ अधिक जागा मोकळी ठेवावी लागे. या खेळात दुसऱ्या महायुद्धातील सैनिकांच्या व प्रतिकारकांच्या आठवणींचे माहितीपटही अंतर्भूत होते. त्यांपैकी ‘कोलेट’ या लघुमाहितीपटास २०२१ मध्ये ऑस्कर पुरस्कार मिळाला. इतिहासाच्या अभ्यासकास ही बाब विचार करावयास लावणारी आहे. जागा नाही म्हणून जे फोल्डर पुसले जाते त्यात ऐतिहासिक साधनेही असू शकतात.

एवढा खेळ हलवताना काय घडते हेही पाहिले पाहिजे. एकाच ड्राइव्हवर एका फोल्डरातून दुसऱ्यात नेताना प्रणाली फक्त यादीतील नोंद बदलते, म्हणून ते काम क्षणात होते. दुसऱ्या ड्राइव्हवर नेताना मात्र प्रत्येक फाइलीची प्रत करून मूळ पुसावे लागते, म्हणजे डॉसची ती जुनीच दोन पायऱ्यांची रीत. मध्येच वीज गेली तर अर्धा खेळ इकडे आणि अर्धा तिकडे राहतो. ज्या दुकानात हलवण्याची सोय नाही तेथे खेळ काढून टाकून पुन्हा उतरवणे एवढाच अधिकृत मार्ग उरतो. जलद व अमर्याद इंटरनेट असलेल्या देशांत तो मार्ग गैरसोयीचा असेल. भारतात मात्र ब्रॉडबँडच्या योजनांत एफयूपीची मर्यादा सर्रास होती. अशा ठिकाणी १०० जीबी पुन्हा उतरवणे म्हणजे महिनाभराचा वाटा संपवणे. फाइल हलवता येणे ही सोय राहत नाही, तो खर्चाचा प्रश्न होतो.

७ मार्च २०१८

या दिवशी जगभरातील रिफ्ट हेडसेट एकाएकी बंद पडले. यंत्रात बिघाड नव्हता, फाइली जेथल्या तेथे होत्या, इंटरनेटही सुरू होते. ऑक्युलसच्या सॉफ्टवेअरमधील एका फाइलीवरील डिजिटल सहीच्या प्रमाणपत्राची मुदत संपली होती. सही मुदतीच्या आत केली होती याची साक्ष देणारा कालशिक्का त्या फाइलीवर नव्हता, त्यामुळे विंडोजने तिला अमान्य ठरवले. अडचणीत भर अशी की दुरुस्ती उतरवून घेणारा भागही त्याच फाइलीवर अवलंबून होता. अखेर वापरकर्त्यांना दुरुस्तीची फाइल स्वतः उतरवून चालवावी लागली. कंपनीने चूक मान्य केली आणि ज्यांना फटका बसला त्यांच्या खात्यात दुकानातील खरेदीसाठी पंधरा डॉलर जमा केले.

हा प्रसंग एका दिवसात मिटला, म्हणून त्याची चर्चाही लवकर थांबली. प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने तो मध्यवर्ती आहे. विंडोज ९५ च्या काळात नोंद खोटी झाली तर ती वापरकर्त्यास स्वतः दुरुस्त करता येत असे, रजिस्ट्री उघडून पत्ता बदलणे कठीण असले तरी शक्य होते. येथे जी नोंद खोटी ठरली ती दुरुस्त करण्याचा अधिकार कंपनीखेरीज कोणाकडेच नव्हता.

कायद्याची बाजू

युरोपीय न्यायालयाने ३ जुलै २०१२ रोजी यूजसॉफ्ट विरुद्ध ओरॅकल या प्रकरणात दिलेला निर्णय येथे आठवतो. कायमस्वरूपी परवान्याने इंटरनेटवरून उतरवलेले सॉफ्टवेअर पुन्हा विकता येते, मात्र विकणाऱ्याने स्वतःकडील प्रत निरुपयोगी केली पाहिजे, असे न्यायालयाने म्हटले. प्रत करावी आणि मूळ पुसावे, ही डॉसची दोन पायऱ्यांची रीत या निर्णयाने कायद्याच्या भाषेत पुन्हा सांगितली, असे म्हणण्यास हरकत नाही. खेळांपर्यंत मात्र तो निर्णय पोचला नाही. पॅरिसच्या न्यायालयाने सप्टेंबर २०१९ मध्ये एका ग्राहक संघटनेच्या दाव्यात स्टीमवरील खेळांच्या पुनर्विक्रीच्या बाजूने निकाल दिला, परंतु ऑक्टोबर २०२२ मध्ये अपिलात तो फिरवला गेला. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेल्या कायद्याने, ग्राहक जे घेतो तो परवाना आहे हे दुकानांनी स्पष्ट सांगावे असे बंधन घातले. कायद्याने मालकी दिली नाही, मालकी नाही हे सांगण्याची सक्ती तेवढी केली.

भारतीय प्रताधिकार कायदा, १९५७ याच्या कलम ५२ मध्ये, संगणकीय कार्यक्रमाची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्यास नाश किंवा हानीपासून तात्पुरत्या संरक्षणासाठी राखीव प्रत करण्याची मुभा आहे. त्याच कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने तांत्रिक संरक्षक उपाय मोडण्यास शिक्षेची तरतूद आली. खेळाचे फोल्डर बाहेरच्या डिस्कवर उतरवून ठेवणे पहिल्या तरतुदीच्या आशयाशी सुसंगत दिसते, पण ते फोल्डर दुकानाच्या सॉफ्टवेअरविना चालवून दाखवणे दुसरीच्या कक्षेत जाण्याची शक्यता आहे. याउलट २००८ साली सुरू झालेल्या गॉग या दुकानाने कुलूप नसलेल्या इन्स्टॉलर फाइली देण्याचे धोरण ठेवले. तेथील खेळ खरेदीदाराने हव्या त्या डिस्कवर ठेवावा. आभासी वास्तवाचे मोजकेच खेळ त्या मार्गाने आले, ही खेदाची गोष्ट आहे.

बंद फोल्डर, बंद हेडसेट

ऑक्टोबर २०१२ मधील विंडोज ८ पासून मायक्रोसॉफ्टच्या दुकानातील अॅप विंडोजअॅप्स या दडवलेल्या फोल्डरात जाऊ लागली. त्या फोल्डराची मालकी प्रणालीच्या एका अंतर्गत खात्याकडे असते, संगणकाच्या मालकासही ते सहज उघडता येत नाही. विंडोज १० च्या नोव्हेंबर २०१५ मधील आवृत्तीत अॅप दुसऱ्या ड्राइव्हवर हलवण्याची सोय आली, पण ती सेटिंग्जमधील बटणातून, हाताने नव्हे. मे २०१९ मध्ये आलेल्या ऑक्युलस क्वेस्टने तर संगणकच वगळला. ६४ किंवा १२८ जीबीची साठवण हेडसेटच्या आतच होती आणि मेमरी कार्डाला खाच नव्हती. अँड्रॉइडवर आधारलेल्या त्या यंत्रात खेळाची मुख्य फाइल आणि तिची जड पूरक फाइल निराळ्या ठिकाणी असतात, आणि जागा संपली की खेळ पुसण्याखेरीज खेळणाऱ्याच्या हाती फारसे काही राहत नाही.

आणि काही वेळा जागा असूनही काही राहत नाही. इको व्हीआर हा बहुखेळाडू खेळ २०१७ पासून लोकप्रिय होता. १ ऑगस्ट २०२३ रोजी त्याचे सर्व्हर बंद करण्यात आले. ज्यांच्या डिस्कवर त्याच्या फाइली होत्या त्यांच्याकडे त्या तशाच राहिल्या, पण अधिकृतपणे जोडण्यासारखे दुसरे टोक उरले नाही.

विंडोज मिक्स्ड रिअॅलिटीची कथा यापेक्षा थोडी निराळी आहे. ऑक्टोबर २०१७ मध्ये मायक्रोसॉफ्टने ही व्यवस्था आणली व अनेक कंपन्यांनी तिच्यासाठी हेडसेट तयार केली. डिसेंबर २०२३ मध्ये ती निवृत्त करण्याचे जाहीर झाले आणि २०२४ मधील विंडोज ११ च्या २४एच२ आवृत्तीतून ती काढून टाकण्यात आली. प्रणाली अद्ययावत होताच सुस्थितीतील हेडसेट निकामी झाली. २०२५ मध्ये एका अभियंत्याने वैयक्तिक प्रयत्नातून ओअॅसिस नावाचा मोफत ड्रायव्हर प्रसिद्ध केला, आणि एनव्हिडियाचे ग्राफिक्स कार्ड असलेल्या संगणकांवर ती हेडसेट स्टीमव्हीआरद्वारे पुन्हा चालू लागली. त्यामुळे स्टीमअॅप्स फोल्डरात पडून असलेले खेळ पुन्हा सुरू झाले. त्याच डिस्कवर, शेजारच्या विंडोजअॅप्स फोल्डरात, मायक्रोसॉफ्टच्या दुकानातून त्याच हेडसेटसाठी घेतलेले खेळ मात्र आहेत तेथेच आहेत.